ड्रायव्हरच नाही, तर हात कुणाला दाखवायचा? बिनड्रायव्हरच्या गाड्या रस्त्यावरच्या माणसांशी कशा 'बोलतात', समजून घ्या

बायपास ओलांडताना आपण काय करतो ते जरा आठवून बघा. एका हातात पिशवी, दुसरा हात वर. येणाऱ्या गाडीकडे बघायचं, तळहात दाखवायचा, वेग कमी झाला असं वाटलं की पाऊल टाकायचं. ड्रायव्हरने मान हलवली तर जायचं, डिपर मारला तर मागे सरायचं. यातलं काहीच लायसन्सच्या परीक्षेत विचारत नाहीत, पण लहान पोरापासून म्हाताऱ्यापर्यंत सगळ्यांना येतं.

आता समजा, गाडी येतेय आणि ड्रायव्हरच्या सीटवर कुणीच नाही. मग हात कुणाला दाखवायचा?

प्रश्न गमतीचा वाटेल, पण जगातल्या मोठमोठ्या गाडी कंपन्या आणि विद्यापीठं गेली दहा वर्षं याच प्रश्नावर डोकं खपवत आहेत. अमेरिकेत फिनिक्स, सॅन फ्रान्सिस्को, लॉस एंजेलिस या शहरांत वेमो कंपनीच्या टॅक्सी ड्रायव्हरशिवाय रोज धावतात. ही गुगलच्याच घरातली कंपनी. स्टेअरिंग आपोआप फिरतंय आणि मागे पॅसेंजर निवांत बसलाय, असा व्हिडीओ तुमच्या गावच्या ग्रुपवरही कधीतरी फिरला असेल. ही गोष्ट खरी आहे. आपल्याकडची कितीतरी मुलं नोकरीसाठी तिकडे आहेत. त्यांच्याकडे गेलेले आई-वडील सकाळी फिरायला बाहेर पडतात, तेव्हा त्यांच्यासमोरही अशी गाडी येऊन थांबू शकते.

दिसतं सगळं, कळतं किती?

या गाडीला दिसत नाही असं नाही. चारी बाजूंना कॅमेरे असतात, रडार असतं आणि लायडार असतं. लायडार म्हणजे लेझरचे किरण सोडायचे आणि ते आदळून परत यायला किती वेळ लागला यावरून अंतर मोजायचं. वटवाघूळ आवाजाने जे करतं, ते हे यंत्र उजेडाने करतं. त्यामुळे अंधारातही त्याला माणूस दिसतो. अडचण दिसण्याची नाही. समोरच्याच्या मनात काय आहे हे ओळखणं आणि आपण काय करणार हे त्याला कळवणं, घोडं इथे अडतं.

२००९ साली गुगलने या गाड्यांची चाचणी सुरू केली, तेव्हाचा एक किस्सा आहे. अमेरिकेत बऱ्याच चौकांत सिग्नल नसतो, चारी बाजूंना 'थांबा'ची पाटी असते. प्रत्येकाने पूर्ण थांबायचं आणि जो आधी आला त्याने आधी जायचं, असा नियम. गुगलची गाडी नियमाने थांबली आणि थांबूनच राहिली. कारण बाकीचे ड्रायव्हर पूर्ण थांबतच नव्हते, हळूहळू नाक पुढे घालत होते. गाडीला वाटायचं, हा निघाला, याला जाऊ दे. मग दुसरा. मग तिसरा. शेवटी इंजिनिअर लोकांनी गाडीलाच थोडं नाक पुढे घालायला शिकवलं. आपल्या एसटी स्टँडसमोरच्या चौकात हे शिकवायला इंजिनिअर लागत नाही!

दुसरा किस्सा २०१५ चा, टेक्सासमधल्या ऑस्टिन शहरातला. एक सायकलवाला चौकात पाय न टेकवता जागच्या जागी तोल सांभाळत उभा होता. असा तोल सांभाळताना सायकल इंच-दोन इंच पुढेमागे होते. सायकल जरा पुढे सरकली की गुगलची गाडी गपकन थांबायची. सायकल मागे आली की गाडी निघायची. पुन्हा सायकल पुढे, पुन्हा ब्रेक. साधारण दोन मिनिटं हा खेळ चालला होता. पुढे २०१६ साली गुगलने सांगितलं, की सायकलवाला वळताना हात दाखवतो ते ओळखायला गाडी शिकली आहे.

टेम्पीची ती रात्र

इथपर्यंत सगळं हसण्यावारी नेता येईल. १८ मार्च २०१८ ची गोष्ट तशी नाही.

ॲरिझोना राज्यातल्या टेम्पी शहरात रात्री दहाच्या सुमाराला ४९ वर्षांची एक महिला सायकल हातात धरून, चालत रस्ता ओलांडत होती. सायकलला पिशव्या अडकवलेल्या होत्या. त्या ठिकाणी झेब्रा पट्टे नव्हते. उबर कंपनीची चाचणीवर असलेली स्वयंचलित गाडी आली आणि तिला धडकली. त्यात तिचा मृत्यू झाला. स्वयंचलित गाडीच्या धडकेत पादचाऱ्याचा जीव जाण्याची जगातली ही पहिली नोंद.

अमेरिकेच्या वाहतूक सुरक्षा मंडळाने नंतर चौकशी केली. त्यातून जे समोर आलं ते आपल्यासारख्यांनी नीट वाचण्यासारखं आहे. गाडीच्या यंत्रणेने त्या महिलेला धडकेच्या ५.६ सेकंद आधी टिपलं होतं. रस्त्यावर ५.६ सेकंद म्हणजे बराच वेळ. पण हे नक्की काय आहे, ते यंत्रणेला ठरवता येईना. आधी म्हणाली वाहन, मग म्हणाली दुसरंच काहीतरी, मग म्हणाली सायकल. आणि दर वेळी नाव बदललं की आधीचा हिशोब पुसून नव्याने सुरुवात. त्यामुळे ही वस्तू सरळ चालत आपल्याच वाटेत येतेय, हे लक्षात यायलाच उशीर झाला. झेब्रा पट्ट्यांशिवायही माणूस रस्ता ओलांडतो, ही गोष्ट त्या यंत्रणेत धरलेलीच नव्हती.

सीटवर देखरेखीला एक व्यक्ती होती, पण तिचं लक्ष मोबाईलवर होतं. पुढे तिच्यावर खटला चालला, २०२३ साली तिने गुन्हा कबूल केला. उबरने आपला हा विभाग २०२० च्या डिसेंबरमध्ये विकून टाकला.

सायकलला पिशव्या लावून, हातात धरून, रात्रीचा रस्ता ओलांडणारा माणूस. आपल्याकडे अशी माणसं मोजायला बसलात तर एका संध्याकाळीत वही भरेल. डोक्यावर चाऱ्याचा भारा घेतलेली बाई, मोटरसायकलवर दोन्ही बाजूंना दुधाच्या किटल्या, उसाची डबल ट्रॉली, शेळ्यांचा कळप आणि मागे काठी घेतलेलं पोरगं. यंत्राच्या यादीत जे नाव नाही, त्याच्याशी यंत्र बोलणार तरी काय? म्हणून गाडीने आपल्याला काय दाखवायचं, हा प्रश्न निम्माच आहे. गाडीला आपण कळतो का, हा उरलेला निम्मा. आणि तोच जड आहे.

दिवे, पाट्या आणि डोळेसुद्धा

गाडीने आपल्याला कसं कळवावं, यासाठी लोकांनी काय काय करून पाहिलं ते वाचलंत तर गंमत वाटेल.

फोर्ड कंपनीने व्हर्जिनियातल्या वाहतूक संशोधन संस्थेबरोबर २०१७ मध्ये एक प्रयोग केला. ड्रायव्हरला चक्क गाडीच्या सीटचा वेष चढवला. बाहेरून बघणाऱ्याला वाटायचं, सीट रिकामी आहे. समोरच्या काचेवर पांढऱ्या दिव्यांची पट्टी होती. दोन दिवे इकडून तिकडे सरकले तर गाडी थांबतेय, दिवे भराभर उघडझाप झाले तर गाडी निघतेय. एका टीव्ही पत्रकाराने जवळ जाऊन बघितलं, तर सीटमधून दोन हात बाहेर आलेले!

जग्वार लँड रोव्हर, म्हणजे आपल्या टाटांनी २००८ मध्ये घेतलेली इंग्लंडची कंपनी, तिने २०१८ मध्ये छोट्या स्वयंचलित गाडीला पुढे दोन मोठे डोळे लावले. माणूस रस्ता ओलांडायला उभा राहिला की डोळे त्याच्याकडे वळायचे, 'मी तुला पाहिलंय' असं सांगायला. टोकियो विद्यापीठानेही डोळ्यांचा असाच प्रयोग केला.

टेक्सासमधल्या फ्रिस्को गावात २०१८ मध्ये ड्राइव्ह डॉट एआय कंपनीच्या केशरी व्हॅन फिरायच्या. त्यांच्यावर बाहेरच्या बाजूला छोटे पडदे होते. 'तुम्ही ओलांडण्याची वाट बघतोय' अशा अर्थाची इंग्रजी अक्षरं त्यावर उमटायची. कल्पना चांगली, पण यात दोन मोठ्या अडचणी आहेत.

पहिली अडचण अशी, की रस्त्याच्या कडेला तिघं उभे असतील तर 'तुम्ही' म्हणजे कोण? आणि ज्याला वाचता येत नाही त्याने काय करायचं?

दुसरी जास्त गंभीर. गाडीने 'जा' म्हटलं आणि तुम्ही निघालात. पण त्याच वेळी गाडीच्या पलीकडून एक मोटरसायकल ओव्हरटेक करत आली तर? गाडी फक्त स्वतःपुरतं बोलू शकते. मागून येणाऱ्या मोटरसायकलची हमी ती कशी देणार? आपल्याकडे ट्रकवाला खिडकीतून हात बाहेर काढून 'निघ' म्हणतो आणि पलीकडून दुसरी गाडी येते, त्यातून झालेले अपघात सगळ्यांनी ऐकलेले आहेत. म्हणून या विषयात काम करणाऱ्या बऱ्याच जणांचं म्हणणं असं, की गाडीने हुकूम देऊ नये. 'मी थांबतेय', 'मी निघतेय' एवढंच सांगावं. जायचं की नाही ते माणसाने चारी बाजू बघून ठरवावं.

वेमोच्या गाड्या साधारण हेच करतात. छतावरच्या घुमटासारख्या डब्यावर पडदा आहे. गाडी कुणा पादचाऱ्यासाठी थांबली की मागच्या वाहनांना माणसाचं चिन्ह दिसतं. अर्थ असा, की पुढे कुणीतरी ओलांडतंय, उगाच हॉर्न मारू नका, बाजूने घुसू नका. मला विचाराल तर या सगळ्या प्रयोगांत कामाची गोष्ट हीच. आपल्याकडे थांबलेल्या गाडीला वळसा घालून येणाराच जास्त धोक्याचा असतो.

मर्सिडीजला २०२३ च्या डिसेंबरमध्ये कॅलिफोर्निया आणि नेवाडा राज्यांनी मोरपंखी रंगाचे दिवे लावायची परवानगी दिली. गाडी स्वतः चालतेय तेव्हा हे दिवे लागतात. हा रंग का? तर लाल, पिवळा, हिरवा, निळा यांना रस्त्यावर आधीच काही ना काही अर्थ आहे.

अर्थाचा घोळ साधा नाही. डिपरचंच बघा. आपल्याकडे डिपर म्हणजे 'मी येतोय, थांब'. इंग्लंडमध्ये बरेचदा तोच डिपर म्हणजे 'तुम्ही जा, मी थांबतो'. तिकडची खूण जशीच्या तशी इकडे आणली तर काय होईल ते सांगायला नको.

खरं तर आपण डोळ्यात बघतच नाही

आता थोडी चकित करणारी गोष्ट. ड्रायव्हरच्या डोळ्यात बघून आपण रस्ता ओलांडतो, असं आपल्याला वाटतं. अमेरिकेतल्या एमआयटी या संस्थेच्या संशोधकांनी २०१९ मध्ये हे तपासलं. १५ मीटरवरून ड्रायव्हर कुठे बघतोय हे ९० टक्क्यांहून जास्त लोकांना सांगता आलं नाही. ३० मीटरवरून तर तेवढ्याच लोकांना काचेमागचा ड्रायव्हरच दिसला नाही. काचेवर आभाळाची चमक असते, आत अंधार असतो.

३० मीटर म्हणजे साधारण शंभर फूट. हायवेवर ताशी ८० किलोमीटरने येणारी गाडी हे अंतर दीड सेकंदाच्या आत कापते. म्हणजे ड्रायव्हर दिसेपर्यंत आपला निर्णय होऊन गेलेला असतो. रात्री हेडलाइटच्या मागे तर काहीच दिसत नाही. एका अर्थाने, वेगातल्या गाडीसमोरून आपण आजही ड्रायव्हर न बघताच रस्ता ओलांडतो.

मग आपण बघतो काय? गाडीची चाल. ब्रिटन, जर्मनी आणि ग्रीसमधल्या रस्त्यांवर संशोधकांनी उभं राहून निरीक्षण केलं. हात दाखवणं, डिपर, मान हलवणं या खुणा लोक फार कमी वापरतात, असं त्यांना आढळलं. बहुतेक व्यवहार वेगावरच ठरतो. गाडीने लांबूनच वेग कमी केला, पुढचा भाग जरा खाली दबला, की माणूस ओळखतो, हा थांबतोय. त्यामुळे बिनड्रायव्हरच्या गाडीची सगळ्यात चांगली भाषा म्हणजे लवकर आणि दिसेल असा मारलेला ब्रेक. दिवे आणि पडदे त्यानंतर.

आणि हॉर्न?

हॉर्नचा विषय निघाला की महाराष्ट्राला बोलायचा हक्क आहे. ट्रकमागचं 'हॉर्न ओके प्लीज' सरकारने २०१५ मध्ये बंद केलं, पण हॉर्न काही थांबला नाही. गुगलने २०१६ मध्ये गाड्यांना हॉर्न वाजवायला शिकवलं, तेव्हा सुरुवातीला तो आवाज फक्त गाडीच्या आत ऐकू यायचा. बरोबर वेळी वाजतोय ना, हे आत बसलेल्यांनी तपासायचं. मग तो बाहेर वाजवायला परवानगी. कुणी हळू रिव्हर्स येत असेल तर दोन हलके 'पीप', धोका असेल तर एक लांब मोठा. तरीही २०२४ च्या ऑगस्टमध्ये सॅन फ्रान्सिस्कोत फजिती झालीच. पार्किंगमध्ये लावायला आलेल्या वेमो गाड्या रिव्हर्स घेताना एकमेकींनाच हॉर्न मारत बसल्या, तेही पहाटे चार वाजता. शेजाऱ्यांची झोप उडाली. नंतर कंपनीने सॉफ्टवेअर दुरुस्त केलं.

आपल्याकडे कधी?

लगेच नाही. केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्री नितीन गडकरी यांनी २०२३ च्या डिसेंबरमध्ये नागपूरच्याच एका कार्यक्रमात स्पष्ट सांगितलं होतं, की बिनड्रायव्हरच्या गाड्या भारतात येऊ देणार नाही, कारण ड्रायव्हरांच्या नोकऱ्या जातील.

पण अर्धी गोष्ट आपल्या रस्त्यावर आधीच आली आहे. महिंद्राची एक्सयूव्ही ७०० २०२१ मध्ये आली, त्यानंतर टाटाच्या आणि इतरांच्याही गाड्या आल्या. त्यांच्या महागड्या मॉडेलमध्ये 'एडास' नावाची यंत्रणा असते. समोर अडथळा दिसला आणि ड्रायव्हरने काही केलं नाही, तर गाडी स्वतः ब्रेक मारते. गाडी चालवायची जबाबदारी मात्र पूर्णपणे ड्रायव्हरचीच राहते.

अशी गाडी बाहेरून ओळखू येत नाही. मोरपंखी दिवा नाही, छतावर माणसाचं चिन्ह नाही. एखाद्या गाडीने तुमच्यासमोर अचानक करकचून ब्रेक मारला तर तो ड्रायव्हरने मारला की गाडीने, हे कडेला उभं राहून सांगता येणार नाही. आपोआप थांबते म्हणे, असं ऐकून गाडीसमोर उडी मारून बघणारी पोरं प्रत्येक गावात दोन-चार असतात. त्यांना घरच्यांनी आजच सांगून ठेवा, की ती यंत्रणा प्रत्येक वेळी, प्रत्येक वेगात आणि अंधारात थांबवेलच असं गाडी बनवणारी कंपनीसुद्धा म्हणत नाही. गाडीबरोबर मिळणाऱ्या पुस्तकात तसं लिहिलेलं असतं.