पादुकांच्या मुलखातून बायबलमधले पाय

आषाढी वारीत माउलींची पालखी नीरा ओलांडून सातारा जिल्ह्यात शिरताना पादुकांना नदीत स्नान घातलं जातं. सांगली जिल्ह्यात कृष्णाकाठी औदुंबरला दत्ताच्या विमल पादुका आहेत, खाली नरसोबाच्या वाडीला मनोहर पादुका. पायांवर डोकं टेकवणं इथल्या माणसाला शिकवावं लागत नाही. म्हणून ज्यू आणि ख्रिस्ती ग्रंथांतले पायांचे प्रसंग त्याला चटकन जवळचे वाटतात. पण वाचत गेलं की एक फरक जाणवतो. आपली नजर देवाच्या आणि गुरूच्या पायांवर असते. ते ग्रंथ बहुतेक वेळा भक्ताच्याच पायांकडे पाहतात.

जोडे काढ

सासऱ्याची मेंढरं चारत मोशे होरेब डोंगराशी आला. तिथे एक झुडूप पेटलेलं होतं, पण जळून जात नव्हतं. पाहायला पुढे होताच त्याला आज्ञा झाली की पायांतले जोडे काढ, ही भूमी पवित्र आहे. निर्गमच्या तिसऱ्या अध्यायातली ही कथा. पुढे यरीहोजवळ यहोशवालाही हेच सांगितलं गेलं. निवासमंडपाच्या, म्हणजे तंबूतल्या फिरत्या मंदिराच्या, अंगणात पितळेचं गंगाळ असे आणि वेदीकडे जाण्यापूर्वी याजकाने हातपाय धुतलेच पाहिजेत, नाहीतर मृत्यू, इतका कडक नियम होता. याजकांच्या वस्त्रांचं वर्णन अगदी बारकाईने येतं, पण त्यात पादत्राण कुठेच नाही. ते अनवाणी सेवा करत असं परंपरा मानते. इसवी सन 200च्या सुमारास सिद्ध झालेल्या मिश्ना या ज्यू नियमसंग्रहात तर मंदिराच्या टेकडीवर काठी, जोडे किंवा पैशाचा कसा घेऊन चढू नये, पायांना धूळ असतानाही जाऊ नये, असं बजावलं आहे.

पाय जुळवून प्रार्थना

जेरुसलेमचं मंदिर इसवी सन 70मध्ये रोमनांनी उद्ध्वस्त केलं, पण पायांची शिस्त सिनगॉगमध्ये, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनागृहात, टिकली. अमीदा ही मुख्य प्रार्थना दोन्ही पाय जुळवून उभ्याने म्हणतात. यहेज्केल संदेष्ट्याच्या दर्शनातल्या स्वर्गीय प्राण्यांचे पाय सरळ होते, त्यावरून ही रीत. देवाला तीनदा ‘पवित्र’ म्हणताना टाचा उचलतात. प्रार्थना संपली की राजासमोरून निघावं तसं तीन पावलं मागे सरतात. याजककुळातले लोक मंडळीला आशीर्वाद देण्यासाठी आजही जोडे काढूनच उभे राहतात.

यॉम किप्पूर या उपवासाच्या आणि पश्चात्तापाच्या दिवशी चामड्याचे जोडे वर्ज्य. कोकणातले बेने इस्रायली ज्यू या दिवसाला दारफळणीचा सण म्हणत आणि पांढरे कपडे घालत. मंदिरनाशाच्या स्मरणाच्या दिवशी आणि घरात मृत्यू झाल्यावरही चामड्याचे जोडे घालत नाहीत. आदर, पश्चात्ताप आणि शोक तिन्हींसाठी पायांची एकच खूण आहे. अंत्ययात्रेत मडकं धरून अनवाणी चालणारा मुलगा पाहिलेल्या आपल्या माणसाला ती उलगडून सांगावी लागू नये.

जोडा म्हणजे हक्क

रूथच्या पुस्तकात जमीन सोडवून घेण्याचा हक्क नाकारणारा नातलग आपला जोडा काढून बवाज या दुसऱ्या नातलगाला देतो आणि व्यवहार पक्का होतो. ज्या भूमीवर पाऊल टाकायचा अधिकार, ती आपली, असा त्यामागचा विचार असावा. रामाच्या पादुका सिंहासनावर ठेवून राज्य चालवणाऱ्या भरताची इथे आठवण होणारच.

अलिबागजवळच्या टापा

बेने इस्रायली मराठी बोलणारे, पूर्वी तेलाचे घाणे चालवणारे ज्यू. अलिबागजवळच्या खंडाळा गावी खडकावर काही खुणा आहेत. एलियाहू हन्नबी, म्हणजे एलिया संदेष्टा, याच ठिकाणाहून स्वर्गात गेला आणि त्याच्या घोड्याच्या टापांचे ठसे राहिले, अशी त्यांची श्रद्धा आहे. नवस फेडायला तिथे जातात, मलिदा करतात. ज्यू धर्मात देवाची मूर्ती नाही, चित्रही नाही. तरी महाराष्ट्राच्या मातीत राहून या समाजाने खडकावरच्या एका ठशाशी इतकं जिव्हाळ्याचं नातं जोडलं, हे मला फार सुंदर वाटतं.

गुरू खाली वाकतो

येशूच्या कथांत पाय वारंवार येतात. लूकच्या सातव्या अध्यायात शिमोन परूश्याच्या घरी एक पापी मानलेली स्त्री आसवांनी त्याचे पाय भिजवते आणि केसांनी पुसते. यजमानाने पाय धुवायला पाणीसुद्धा दिलं नाही, हे येशू त्याला बोलून दाखवतो. बेथानीत मरिया त्याच्या पायांना जटामांसीचं महागडं सुगंधी तेल लावते. इथपर्यंत आपण ओळखीच्या वाटेवर आहोत. भक्त वाकतो, गुरूचे पाय पूजले जातात.

योहानाच्या शुभवर्तमानाच्या तेराव्या अध्यायात हे सगळं उलटतं. शेवटच्या भोजनाच्या वेळी येशू उठतो, कमरेला रुमाल बांधतो, गंगाळात पाणी ओततो आणि शिष्यांचे पाय धुऊ लागतो. त्या काळी हे काम किती हलकं समजत, हे ज्यू ग्रंथांवरूनच कळतं. इब्री दासाला धन्याचे पाय धुवायला लावू नये, असं एक प्राचीन भाष्य सांगतं. शिष्याने गुरूची दासासारखी सगळी सेवा करावी, फक्त जोड्याचा बंद सोडू नये, असं तलमूद हा ज्यू धर्मग्रंथ सांगतो. बाप्तिस्मा करणारा योहान येशूच्या पायतणाचा बंद सोडायलाही आपण योग्य नाही म्हणतो, त्याचं वजन यावरून लक्षात यावं.

म्हणूनच पेत्र हा शिष्य ठाम नकार देतो. धुतल्याशिवाय तुला माझ्याबरोबर वाटा नाही, असं ऐकल्यावर मात्र हात आणि डोकंही पुढे करतो. युरोपातल्या वाचकाला पेत्राचा संकोच कदाचित समजावून सांगावा लागत असेल. ज्याने आयुष्यभर बुवांच्या, आजोबांच्या, गुरुजींच्या पायांना हात लावला, त्याच्या पोटात मात्र हे वाचताना खड्डा पडतो. गुरूने आपल्या पायांना हात लावायचा? शिवाय यहूदा इस्कर्योत त्या वेळी तिथेच होता. थोड्याच वेळात येशूला धरून देणाऱ्याचे पायही धुतले गेले.

चर्चमधला विधी

ईस्टरआधीच्या पवित्र गुरुवारी कॅथलिक चर्चमध्ये धर्मगुरू सहसा बारा जणांचे पाय धुतात. बारावे पोप पायस यांनी 1955मध्ये हा विधी संध्याकाळच्या मिस्सात, म्हणजे उपासनेत, आणला. पोप फ्रान्सिस यांनी 2013मध्ये रोममधल्या बालगुन्हेगारांच्या तुरुंगात पाय धुतले, त्यांत मुली होत्या, मुसलमानही होते. 2016पासून स्त्रियांचे पाय धुण्याला नियमातच परवानगी मिळाली. सेव्हन्थ-डे ॲडव्हेंटिस्ट मंडळीत प्रभुभोजनाआधी सभासद एकमेकांचे पाय धुतात. तिथे धुणारा आणि धुवून घेणारा आलटून पालटून बदलतो, आणि मला ही रीत मूळ प्रसंगाच्या अधिक जवळची वाटते.

साताऱ्याचे टिळक

कवी नारायण वामन टिळक यांनी 1895मध्ये बाप्तिस्मा घेतला आणि आयुष्याची अखेरची वर्षं ते साताऱ्यात होते. 1917मध्ये त्यांनी ‘देवाचा दरबार’ सुरू केला. बाप्तिस्मा न घेतलेल्या ख्रिस्तभक्तांनाही त्यात जागा होती. तुकोबांच्या पुलावरून आपण ख्रिस्तचरणांपाशी आलो, अशी त्यांची भावना होती. पायांची भक्ती त्यांना वारकऱ्यांकडूनच मिळाली होती, ती नव्याने शिकावी लागली नाही.

मिरज

डॉ. विल्यम वॉनलेस यांनी 1894मध्ये मिरजेत मिशनचं रुग्णालय उभं केलं. कुष्ठरुग्णांसाठीचं रिचर्डसन रुग्णालय 1900 सालचं. योहानाच्या तेराव्या अध्यायावर कितीही प्रवचनं ऐकली तरी त्याचा खरा अर्थ कुष्ठरोगाच्या दवाखान्यात कळतो, असं मला मनापासून वाटतं. या रोगात नसा बधिर होतात. काटा रुतला, खडा टोचला, तरी कळत नाही. जखम चिघळते आणि लोक म्हणतात, पाय झडला. मांस आपोआप झडत नाही, बधिर पायाला इजा होत राहते, हे वेल्लोरच्या डॉ. पॉल ब्रँड यांनी विसाव्या शतकाच्या मध्यावर पटवून दिलं. त्यामुळे उपचारातला मोठा भाग अगदी साधा आहे. रोज तळवे नीट पाहायचे, साध्या पाण्यात पाय भिजवायचे, कडक झालेली कातडी हलक्या हाताने घासायची, ओलसर असतानाच तेल लावायचं आणि मऊ रबरी तळाची एमसीआर चप्पल घातल्याशिवाय घराबाहेर पडायचं नाही.