दप्तर आणि गल्ली : मुंबईच्या इतिहासलेखनाची नव्वद वर्षे

ईस्ट इंडिया कंपनीला कागदाचा फार सोस. मुंबईत कौन्सिलची बैठक झाली की तिचं टिपण रोजनाम्यात चढायचं. आलेलं-गेलेलं प्रत्येक पत्र कारकून हातानं उतरून काढत आणि एक नक्कल जहाजानं लंडनला रवाना होई. मालक सात समुद्रांपलीकडे बसलेले, त्यांना इथल्या नोकरांवर वचक ठेवायचा होता. लेखणीखेरीज दुसरं साधन नव्हतं. १८२१ साली, म्हणजे पेशवाई बुडून तीन वर्षं झाली असताना, एल्फिन्स्टनच्या कारकिर्दीत या पसाऱ्यासाठी मुंबईत स्वतंत्र दप्तरखाना उभा राहिला. काळा घोड्याजवळ एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीत आज जे राज्याचं पुराभिलेखागार आहे, ते याच दप्तरखान्याचं वाढलेलं रूप. सुरतेच्या वखारीचे सतराव्या शतकातले कागदही तिथं जपलेले आहेत.

हे दप्तर अमोल आहे, पण त्याची नजर ठरावीक. जमीन कुणाची, भाडं किती, जहाजात काय भरलं, कुणाचा पगार थकला, हे त्यात सापडतं. गल्लीतला माणूस त्यात शिरतो तो अर्जदार म्हणून, नाहीतर आरोपी म्हणून. तो जेवतो काय, कुठल्या देवाला जातो, कोणता धंदा कुणाकडून शिकला, याची सरकारला गरज नव्हती. म्हणून लिहिलंही गेलं नाही.

ही उणीव एका गोमंतकीयानं भरून काढली. गोविंद नारायण माडगांवकरांचं ‘मुंबईचें वर्णन’ १८६३ साली आलं. मुंबईवर मराठीत लिहिलेलं हे पहिलं मोठं पुस्तक, आणि ते ऐन मोक्याला आलं. अमेरिकेतल्या यादवीमुळे कापसाचा भाव चढला होता, शहरात पैसा नि माणसं लोटत होती आणि त्याच दशकात किल्ल्याचा जुना कोट पाडला गेला. कोटातली मुंबई जाण्याआधी माडगांवकरांनी ती लिहून ठेवली. दोन वर्षांनी, १८६५ मध्ये, ते वारले. उशीर झाला असता तर हे पुस्तक झालंच नसतं.

त्यांनी काय टिपलं याचा मासला म्हणून गणपत कृष्णाजींची हकिकत घ्या. अमेरिकन मिशनचा छापखाना पाहून या माणसानं शिळाप्रेस उभारायचं मनात घेतलं. साधनं स्वतः जमवली, शाई स्वतः करून पाहिली. १८३१ साली त्यांनी मराठी पंचांग छापलं आणि पुढे खिळेही पाडून घेतले. छापील कागदाला शिवायला काही भटमंडळी कचरत, हेही माडगांवकर लिहून ठेवतात. मराठी मुद्रणाच्या पहिल्या देशी कारागिराबद्दल पुढच्या अभ्यासकांना जे कळलं, त्यातलं बरंचसं या पानांतून. बखरकारांनी स्वाऱ्या लिहिल्या, कंपनीनं हिशेब लिहिले. कारागिराची धडपड लिहिण्याजोगी आहे हे या लेखकाला कळलं, यातच त्यांचं मोठेपण आहे.

त्याच सुमारास सरकारही डोकी मोजू लागलं. १८६४च्या खानेसुमारीत शहराची वस्ती ८,१६,५६२ भरली; १८७२च्या मोजणीत ती ६,४४,४०५ वर आली. युद्ध संपलं, कापूस कोसळला, शेअरबाजार बुडाला आणि हजारो लोक आले तसे परत गेले. हे दोन आकडे शेजारी ठेवले की तेजी-मंदीचा सगळा फटका कळतो.

पुढे १८८९ मध्ये आचार्य आणि शिंगणे यांनी ‘मुंबईचा वृत्तांत’ सिद्ध केला. १९०० मध्ये डॉ. जर्सन द कुन्हा यांचा मुंबईच्या उगमावरचा इंग्रजी ग्रंथ आला. हेही गोव्याचेच, पेशानं डॉक्टर. पोर्तुगीज कागद वाचता येत असल्यानं इंग्रजांच्या आधीची मुंबई त्यांनी उलगडली. शेवटी एस. एम. एडवर्ड्‌स यांनी १९०९-१० मध्ये शहराचं गॅझेटियर तीन खंडांत काढलं. ते आजही प्रत्येक अभ्यासकाच्या टेबलावर असतं, आणि असायलाच हवं. पण मुंबईचा इतिहास म्हणजे गॅझेटियर, असा समज त्यामुळे रुजला, तो मला मान्य नाही. शहर चालवणाऱ्यांनी चालवण्यासाठी जमवलेली ती माहिती आहे. मराठी पुस्तकाच्या वाट्याला मात्र उपेक्षा आली. ‘मुंबईचें वर्णन’ची दुसरी आवृत्ती निघाली १९६१ साली, न. र. फाटकांच्या संपादनाखाली; मधे ९८ वर्षं गेली. इंग्रजी भाषांतर व्हायला एकविसावं शतक उजाडावं लागलं. मुरली रंगनाथन यांनी ते केलं तेव्हा कुठे शहराचे इंग्रजी अभ्यासक माडगांवकरांकडे वळले.

मराठी साधनं अजून संपलेली नाहीत. किती तरी मोडी कागद वाचणाऱ्याची वाट पाहत पडून आहेत. पुराभिलेख विभाग मोडीचे प्रशिक्षण वर्ग घेतो. तरुणांनी तिकडे वळावं. आणि घरात आजोबा-पणजोबांच्या खतावण्या, चाळीच्या भाडेपावत्या, जुनी पत्रं असतील, तर ती रद्दीत घालू नका. वाचता येत नसली तरी एखाद्या ग्रंथसंग्रहालयाला नेऊन दाखवा.