विश्लेषण : करारात लवादाची अट असेल, तर न्यायालयात दावा लावता येतो का?

अहिल्यानगर-छत्रपती संभाजीनगर रस्त्यावरचे घोडेगाव (ता. नेवासा) कांद्याच्या उपबाजारासाठी ओळखले जाते. लिलाव झाला, माप झाले, हिशोबपट्टी हातात पडली की कांद्याचा व्यवहार संपतो. मात्र ट्रॅक्टरचे कर्ज, वजनकाटा, प्रतवारी यंत्र यांचे करार छापील असतात आणि त्यात बारीक अक्षरांत एक कलम असते : ‘या करारातील सर्व वाद लवादामार्फत सोडवले जातील.’ सही करताना ते कोणी वाचत नाही. वाद झाला की तेच कलम आधी पुढे येते.

समजा, घोडेगावच्या एका कांदा व्यापाऱ्याने पुण्याच्या कंपनीकडून २ लाख ८० हजारांचे प्रतवारी यंत्र घेतले. महिनाभरात यंत्र बंद पडले आणि कंपनी पैसे परत देईना. करारात लवादाची अट आहे, लवादाचे स्थान चेन्नई. आता त्याने नेवाशाच्या न्यायालयात जायचे की चेन्नईला?

अशी अट कायद्याला मान्य आहे?

हो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ९ नुसार, कायद्याने मनाई नसेल तर कोणताही दिवाणी वाद दिवाणी न्यायालय ऐकू शकते. कोर्टात जाण्याचा हक्कच काढून घेणारा करार १८७२ च्या करार कायद्याचे कलम २८ रद्दबातल ठरवते. पण त्याच कलमात लवादाचा अपवाद ठेवला आहे. ‘लवाद व सलोखा कायदा, १९९६’ नुसार मात्र ही अट लेखी हवी. पत्रव्यवहार किंवा ईमेलमधून झालेली सहमतीही चालते.

तरीही नेवाशात दावा लावला तर?

दावा दाखल होतो. न्यायालय तो आपणहून परत पाठवत नाही. कंपनीने कलम ८ खाली अर्ज करून लवादाची अट दाखवावी लागते आणि तीही वादाच्या मुद्द्यांवर पहिले म्हणणे मांडण्यापूर्वी किंवा मांडतानाच. कंपनीने गुपचूप कैफियत दाखल करून दावा लढवायला सुरुवात केली, तर लवादाचा हक्क तिने सोडला असे धरले जाते. अर्ज वेळेत आला आणि करार प्रथमदर्शनी वैध दिसला, तर वाद लवादाकडे पाठवणे न्यायालयाला बंधनकारक असते.

‘पहिले म्हणणे’ म्हणजे काय, हा प्रश्न मुंबईतील दोन तारण फ्लॅटच्या वादात आला होता. ‘बूझ अ‍ॅलन विरुद्ध एसबीआय होम फायनान्स’ या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये सांगितले की, अंतरिम अर्जाला दिलेले उत्तर म्हणजे मूळ वादावरचे म्हणणे नव्हे. त्यामुळे तेवढ्याने लवादाचा हक्क जात नाही.

‘स्थान चेन्नई’ या दोन शब्दांचे वजन किती?

खूप. लवादाचे स्थान ठरले की त्या लवादावर देखरेख करणारे न्यायालयही ठरते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये ‘बीजीएस एसजीएस सोमा’ प्रकरणात स्पष्ट केले. अंतरिम मनाई मागायची किंवा निवाड्याला आव्हान द्यायचे, तर चेन्नई गाठावी लागेल. समोरच्याने नोटिशीनंतर ३० दिवसांत लवाद नेमण्यात साथ दिली नाही, तर अर्जही मद्रास उच्च न्यायालयात. स्थान अहिल्यानगर असते, तर अंतरिम दिलाशासाठी तिथले जिल्हा न्यायालय आणि नेमणुकीसाठी मुंबई उच्च न्यायालयाचे छत्रपती संभाजीनगर खंडपीठ पुरले असते.

न्यायालय कोणते, यावर सरकारही अडकले आहे. मुंब्रा बाह्यवळण रस्त्याच्या कामातील निवाड्याला राज्य सरकारने ठाणे जिल्हा न्यायालयात, तर कंत्राटदार अ‍ॅटलांटा कंपनीने मुंबई उच्च न्यायालयात आव्हान दिले. दोन्ही अर्ज उच्च न्यायालयातच चालतील, हे ठरायला जानेवारी २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालय गाठावे लागले.

कंपनीच लवाद नेमणार, असे लिहिले असेल तर?

ज्याचा वादात स्वार्थ आहे, त्याने एकट्याने लवाद नेमू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ च्या ‘पर्किन्स ईस्टमन’ निकालात म्हटले. त्यामुळे ‘आमचे व्यवस्थापकीय संचालक लवाद नेमतील’ अशा अटीला आव्हान देता येते. पण नोटीस आल्यावर हरकत लेखी घ्यायला हवी. गप्प बसले तर लवाद एकतर्फी निवाडा देऊ शकतो आणि त्याची वसुली न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखीच होते.

कोणते वाद लवादाच्या बाहेर?

फौजदारी गुन्हे, वैवाहिक तंटे, दिवाळखोरी, भाडे नियंत्रण कायद्याखालील घरभाड्याचे वाद. गहाण मालमत्ता विकून वसुली करण्याचा दावाही न्यायालयातच चालतो, हेही ‘बूझ अ‍ॅलन’मध्येच ठरले.

शेतकऱ्यांसाठी महत्त्वाचा निकाल २०१२ चा. सदोष बियाण्यांच्या प्रकरणात राष्ट्रीय बीज निगमने लवादाची अट पुढे केली होती. सर्वोच्च न्यायालयाने ती अमान्य केली. अट असली तरी शेतकरी ग्राहक आयोगाकडे जाऊ शकतो. आपल्या उदाहरणातील व्यापाऱ्याला मात्र ही वाट सहज मिळणार नाही, कारण व्यापारी हेतूने घेतलेली वस्तू ग्राहक कायद्यात बसत नाही. यंत्र केवळ स्वयंरोजगारासाठी, पोट भरण्यासाठी घेतले असेल, तर तसे सिद्ध करता येते.

मग व्यापाऱ्याने काय करावे?

नेवाशात दावा लावून कंपनी कलम ८ चा अर्ज विसरेल, या आशेवर राहणे हा जुगार आहे. पैशाच्या अशा वादाला साधारण तीन वर्षांची मुदत असते आणि लवादाची नोटीस समोरच्याला मिळाल्याच्या दिवशी लवाद सुरू झाला असे धरले जाते. चुकीच्या न्यायालयात प्रामाणिकपणे गेलेला वेळ मुदत कायद्याच्या कलम १४ खाली वगळून मागता येतो, पण तो प्रामाणिकपणा सिद्ध करावा लागतो. म्हणून आधी लेखी नोटीस पाठवणे शहाणपणाचे. दोन्ही पक्ष राजी असतील तर सुनावणी चेन्नईऐवजी अहिल्यानगरला किंवा ऑनलाइन घेता येते.

सही अजून व्हायची असेल, तर करारात तीन गोष्टी शोधा : लवाद कोण नेमणार, स्थान कोणते आणि खर्च कोणाचा. ‘चेन्नई’ खोडून ‘अहिल्यानगर’ लिहायला सांगा आणि त्या दुरुस्तीशेजारी दोघांच्याही सह्या घ्या.