मांजरीसाठी लावलेली कुंडी

सासरे गेले आणि सासूबाईंचे अंगणात येणे थांबले. वय ७६. एका डोळ्याचे मोतीबिंदूचे ऑपरेशन झालेले, दुसऱ्याचे राहिलेले, आणि गुडघे वाकायला तयार नसलेले. कंधारच्या आमच्या घराचे अंगण काही मोठे नाही. एक कडुनिंब, तुळशीवृंदावन आणि एक ओटा, एवढेच. तरीही चाळीस वर्षे त्या अंगणाची सकाळ त्यांच्याच हाताने होत असे. आता त्या दिवसभर खाटेवर पडून असत. जेवण होई, औषधे वेळेवर दिली जात, परंतु ‘माझ्यावाचून कुणाचे काही अडत नाही’ हे वाक्य दिवसातून एकदा तरी कानी येई. पायाशी झोपणारी मनी मांजर, हीच काय ती सोबत.

मनीचे वेड पाहून नातवाने पुण्याहून ‘कॅटनिप’चे बियाणे आणले. या वनस्पतीचे शास्त्रीय नाव नेपेटा कॅटारिया. ती तुळस व पुदिना यांच्याच कुळातली आहे. चौकोनी खोड, समोरासमोर येणारी लवदार, करड्या-हिरव्या रंगाची, कातरलेल्या कडांची पाने आणि जांभळट ठिपक्यांची पांढरी फुले ही तिची ओळख. तिच्या पानांत नेपेटालॅक्टोन नावाचे सुगंधी द्रव्य असते. त्याच्या वासाने मांजर पानांवर गाल घासते, लोळते, पाच-दहा मिनिटे आनंदात असते आणि मग काही काळ त्या वासाकडे ढुंकूनही पाहत नाही. मात्र हा गुण आनुवंशिक आहे. साधारणपणे तीन मांजरांपैकी दोघांनाच हा वास भावतो, आणि लहान पिलांना तर त्याचे काहीच वाटत नाही. हेच द्रव्य डासांना नकोसे असते. मांजरे अशा पानांत अंग घासतात त्याने त्यांचे डासांपासून रक्षण होते, असे जपानी संशोधकांनी २०२१ मध्ये दाखवून दिले आहे.

पहिली चूक आणि दुसरा हंगाम

आम्ही उत्साहाच्या भरात एप्रिलमध्येच बी पेरले. मन्याडकाठच्या या भागात तेव्हा पारा चाळिशीपार जातो. कॅटनिप मुळात थंड हवेची वनस्पती. चार रोपे उगवली आणि आठवड्यात करपली. शिवाय कुंडीत नुसती काळी माती भरलेली होती. ती ओली झाली की चिकटते, वाळली की भेगाळते. नाजूक मुळांना ती मानवत नाही.

दिवाळीनंतर पुन्हा प्रयत्न केला, तो मात्र सासूबाईंच्या सांगण्यावरून. ‘बी पेरायचे तर थंडी लागू द्या,’ असे त्या खाटेवरूनच म्हणाल्या होत्या. या वेळी पुढील गोष्टी पाळल्या :

• तळाला भोक असलेली, वीतभर खोल कुंडी घेतली. एक भाग काळी माती, एक भाग वाळू आणि एक भाग पूर्ण कुजलेले शेणखत असे मिश्रण केले.
• बी फार बारीक असते. ते वर पसरून केवळ चिमूटभर मातीने झाकले.
• पाणी ओतले नाही, हाताने शिंपडले. दहा ते पंधरा दिवसांत अंकुर आले.
• रोपे बोटभर झाल्यावर दोन-तीन सशक्त ठेवून बाकीची दुसऱ्या कुंडीत हलवली.
• रोप वीतभर झाल्यावर शेंडे खुडले, म्हणजे ते पसरट होते. खुडलेली कोवळी फांदी ओल्या वाळूत खोवली, तर तिलाही मुळे फुटतात.

मनीचा उपद्रव होताच. कोवळ्या रोपांवर तिने एकदा लोळण घेतली. तेव्हापासून, रोपे मोठी होईपर्यंत, कुंडीवर कोंबड्या झाकायचे डालगे पालथे घालून ठेवले. फाल्गुन सरताच कुंडी कडुनिंबाच्या सावलीत हलवून वर गोणपाट बांधले. सकाळचे कोवळे ऊन आणि दुपारची सावली एवढे मिळाले, तर झाड उन्हाळा काढू शकते. पावसाळ्यात मात्र कुंडीत पाणी साचू देऊ नये, मुळे कुजतात.

ज्येष्ठांच्या हाताला जपून

घरातील वृद्धांना बागकामाला लावताना त्यांच्या शरीराचा विचार आधी करावा. आम्ही कुंडी जमिनीवर न ठेवता ओट्यावर ठेवली, म्हणजे वाकावे लागत नाही. शेजारी पाठ असलेली खुर्ची ठेवली. पाण्यासाठी बादली नव्हे, लहान तांब्या. वेळ सकाळची, ऊन चढण्यापूर्वीची.

मांजर पायात घोटाळते आणि वृद्ध माणूस तोल जाऊन पडते, हा धोका खरा आहे. मनीच्या गळ्यात आम्ही घुंगरू बांधले. दृष्टी मंद असली तरी ती कुठे आहे हे कानाला कळते. मांजरीची विष्ठा मातीत मिसळलेली असू शकते व तिच्यातून रोगजंतू पसरू शकतात. म्हणून हातमोजे घालावेत आणि काम संपताच साबणाने हात धुवावेत. मधुमेह असलेल्यांनी अनवाणी मातीत जाऊ नये, कारण पायाची लहानशी जखमही त्यांना महागात पडते.

आणखी एक सावधगिरी. परदेशात कॅटनिपच्या पानांचा काढा झोपेसाठी घेण्याची रीत आहे. झोपेच्या किंवा अन्य नियमित गोळ्या चालू असलेल्या ज्येष्ठांनी तो डॉक्टरांना विचारल्यावाचून घेऊ नये. आपल्या परसात पावसाळ्यात उगवणाऱ्या खोकली या तणाच्या मुळांकडेही मांजरे अशीच ओढली जातात. तिचाही काढा स्वतःच्या मनाने घेऊ नये. विशिष्ट आनुवंशिक दोष असलेल्यांमध्ये तिच्यामुळे रक्तातील तांबड्या पेशी फुटल्याची उदाहरणे नोंदली गेली आहेत. ही कुंडी मांजरीसाठी आहे, औषधपेटीसाठी नव्हे.

अडणारे काहीतरी

माघात सासूबाईंनी पहिले पान चुरगाळून मनीपुढे धरले. मनी लोळू लागली आणि त्या कित्येक महिन्यांनी खळखळून हसल्या. शेजारचा बोका मात्र वास घेऊन निर्विकारपणे निघून गेला. ‘त्याच्या घराण्यात नाही ते,’ हा त्यांचा शेरा.

दुःख गेले असे मी म्हणणार नाही. काही दिवस त्या अजूनही उठत नाहीत, आणि अशा वेळी डॉक्टरांशी बोलणे आम्ही टाळत नाही. परंतु बहुतेक सकाळी त्या काठी टेकत ओट्यापर्यंत जातात, मातीत बोट खुपसून ओल पाहतात आणि मगच पाणी घालतात. मागच्या आठवड्यात त्यांना दोन दिवस लेकीकडे जायचे होते. निघताना त्यांनी मला तीनदा बजावले : दुपारी गोणपाट ओढ, पाणी जास्त घालू नकोस, मनीला एकच पान दे.

कॅटनिपचे बी मिळाले नाही, तर पुदिन्याची काडी लावावी. ती पेला-दोन पेले पाण्यावर वाढते. घरातील ज्येष्ठांसाठी कुंडी निवडावी ती एकच, आणि तिची जबाबदारी पूर्णपणे त्यांच्यावर सोपवावी. आपण मागाहून गुपचूप पाणी घालू नये.