दाखला कोणाकडे मागायचा?

शाळेत प्रवेशाची गडबड सुरू होती. आमच्या पेठेतल्या एक भाभी मुलीला घेऊन आल्या. जन्मदाखल्यावर आई-वडिलांची नावं होती, मुलीच्या नावाची जागा मात्र कोरी. "टीचर, एका पुढाऱ्यांकडे तीनदा जाऊन आले. करतो म्हणतात." शिलाईचं काम टाकून बिचाऱ्या हिंडत होत्या. जिथे जायला हवं, तिथे त्या एकदाही गेल्या नव्हत्या.

आपल्याकडे नगरपालिका म्हणजे नगरसेवक, असाच समज आहे. सातारा नगरपालिका १८५३ सालची; आज तिचा कारभार १९६५ च्या महाराष्ट्र नगरपरिषद कायद्याने चालतो. नगरसेवक प्रभागातून निवडून येतात, नगराध्यक्षाला सारं शहर थेट मत देतं. सभेत ठराव होतात, अंदाजपत्रक मंजूर होतं. पण ठराव अंमलात आणतो तो मुख्याधिकारी, आणि त्याला नेमतं राज्य सरकार. त्याच्या हाताखाली पाणीपुरवठा, आरोग्य, बांधकाम, कर असे विभाग. कासच्या पाण्याची तक्रार असो की तुंबलेलं गटार, लेखी अर्ज विभागात द्यावा, पोच घ्यावी आणि मग नगरसेवकाला सांगावं. पोच असली की त्यालाही भांडायला जोर येतो.

सांगलीला सासर असलेल्या भगिनींना हे जरा वेगळं दिसेल. सांगली, मिरज आणि कुपवाड मिळून १९९८ साली महापालिका झाली. तिथे महापौर नगरसेवकांमधून, अडीच वर्षांसाठी. कारभार आयुक्तांच्या हाती, तेही सरकारने नेमलेले. खर्चाची मंजुरी बरीचशी सोळा जणांच्या स्थायी समितीकडे. म्हणून तर त्या समितीसाठी एवढी चुरस!

निम्म्या जागा आता महिलांच्या आहेत. निवडून बाई येते आणि फोन 'भाऊ' उचलतात, हेही आपण पाहतोच.

२०२१ च्या अखेरीस साताऱ्यातल्या सदस्यांची मुदत संपली आणि काही वर्षं प्रशासकच होता. सभागृह रिकामं, पण दाखले मिळत होते, नळाला पाणी येत होतं. यावरून कोणाचं काम काय, ते ध्यानात यावं.

जन्मदाखला देतो तो जन्म-मृत्यू निबंधक. जन्माची नोंद २१ दिवसांत करावी. नाव ठरलं नसेल तर नोंद थांबवू नये. नाव पहिल्या वर्षात फुकट आणि त्यानंतर, नोंदीपासून १५ वर्षांपर्यंत, शुल्क भरून घालता येतं. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्या मुलांना तर शाळा, पासपोर्ट, मतदारयादी यांसाठी जन्मतारखेचा पुरावा म्हणून हा दाखलाच लागणार आहे. अकिक्याला ठेवलेलं नाव घरातच राहू देऊ नका.

भाभींना मी अर्ज लिहून दिला. सोबत मुलीचं नाव एका चिठ्ठीवर मराठीत आणि इंग्रजीत, एकेक अक्षर सुटं करून. घरात एकाच्या आधारवर 'शेख' आणि दुसऱ्याच्या आधारवर 'शैख' होतं. कोणतं ठेवायचं, ते त्यांच्या मालकांना विचारून आधी पक्कं करून घेतलं.