गुरुजींची बदली : न्याय कोणाला?

उन्हाळ्याची सुट्टी लागली की प्राथमिक शिक्षकांच्या घरी बदलीचा विषय निघतो. आपण शहरातली माणसे तो गुरुजींचा खाजगी प्रश्न समजून सोडून देतो. पण सांगोल्याच्या किंवा करमाळ्याच्या आडवळणी वस्तीवर शिक्षक जातो की नाही, आणि गेल्यावर टिकतो की नाही, यावर तेथील मुलांचे अक्षर-अंक अवलंबून असतात. तेव्हा हा प्रश्न सर्वांचाच आहे.

प्रथम व्यवस्था समजून घेऊ. पूर्वी या शाळा जिल्हा स्कूल बोर्डाकडे असत. १ मे १९६२ रोजी जिल्हा परिषदा अस्तित्वात आल्या आणि शाळांबरोबर शिक्षकही त्यांच्याकडे गेले. त्यामुळे शिक्षकाची नेहमीची बदली जिल्ह्याच्या अकरा तालुक्यांतच होते. पण अकरा तालुके म्हणजे काही एक गाव नव्हे. माळशिरसचे बिऱ्हाड आणि अक्कलकोटच्या सीमेवरची शाळा यांचा मेळ रोज जाऊन-येऊन बसत नाही.

बदलीचा हुकूम माणसांच्या मर्जीवर निघाला की वशिल्याला वाव मिळतो. ज्याच्यामागे कोणी नाही तो वस्तीवर राहतो आणि ज्याला ओळख आहे तो हमरस्त्यावर. हे टाळण्यासाठी २७ फेब्रुवारी २०१७ च्या शासन निर्णयाने बदल्या संगणकावर आणल्या. शाळांचे अवघड आणि सोपे असे दोन भाग पडले. अवघड क्षेत्रात तीन वर्षे काढलेल्या शिक्षकाला बदली मागण्याचा अधिकार मिळाला, आणि सोप्या क्षेत्रात दहा वर्षे झालेला शिक्षक बदलीस पात्र ठरला. गंभीर आजारी, अपंग, विधवा अशांना अग्रक्रम मिळाला; पती-पत्नींच्या शाळांत तीस किलोमीटरहून जास्त अंतर असेल तर त्यांचाही विचार झाला. पहिल्याने दुसऱ्याची जागा मागितली की दुसऱ्याला उठावे लागते. शिक्षक मंडळी याला ‘खो’ म्हणतात, आणि शब्द चपखल आहे.

तत्त्व योग्यच आहे. कष्टाची पाळी सर्वांना यावी, एकाच्याच गळ्यात पडू नये. आपल्या घरी पाणी भरण्याची पाळी लावतो, त्यातला न्याय हाच.

अडचण आहे ती मापाची. ‘अवघड’ म्हणजे काय? ७ एप्रिल २०२१ च्या निर्णयात यासाठी सात निकष दिले : नक्षलग्रस्त भाग, वर्षाला २००० मिलिमीटरहून अधिक पाऊस, हिंस्र श्वापदांचा उपद्रव, वाहतुकीचा अभाव, दूरध्वनीचा संपर्क नसणे, डोंगरी प्रदेश आणि मोठ्या रस्त्यापासून दहा किलोमीटरहून जास्त अंतर. यांपैकी तीन लागू पडले तर शाळा अवघड. गडचिरोलीच्या जंगलाला आणि सह्याद्रीच्या घाटमाथ्याला हे माप बरोबर बसते. आपल्याकडे पाऊस साडेपाचशे मिलिमीटरच्या आसपास. नान्नजच्या माळावर अभयारण्य आहे खरे, पण ते माळढोकाचे. तो कोणाला खात नाही! म्हणजे आपल्या अवर्षणाच्या मुलखात निम्म्याहून अधिक निकष बहुतेक ठिकाणी आरंभीच गळतात. उन्हाळ्यात टँकरची वाट पाहणारी, दिवसातून एखादीच एस.टी. येणारी वस्ती शिक्षकाला अवघड असते. कागदावर ती सोपी ठरू शकते. मग तेथे राबलेल्या शिक्षकाला तीन वर्षांचा अधिकार कसा मिळणार? अतिवृष्टी जर अवघड, तर अवर्षणही अवघड मानले पाहिजे.

दुसरी गोष्ट मुलांची. बदलीत जाणारा शिक्षक असतो, येणारा असतो आणि वर्गात बसलेले मूल असते. पहिल्या दोघांचा पसंतीक्रम संगणक विचारतो. तिसऱ्याला विचारण्याची सोय नाही. दोनशिक्षकी शाळेतून दोघेही एकाच वर्षी गेले, तर चौथीच्या मुलाला वाचन कोठवर आले होते हे सांगणारा कोणी उरत नाही. रिक्त जागा सर्व तालुक्यांत सारख्या वाटाव्यात असा ‘समानीकरणा’चा नियम आहे. त्याच न्यायाने, एका शाळेतून एका वर्षी निम्म्याहून अधिक शिक्षक हलू नयेत, एवढे बंधन घालणे कठीण नसावे.

माढा तालुक्यातील परितेवाडीच्या जिल्हा परिषद शाळेतील शिक्षक रणजितसिंह डिसले यांना २०२० साली जागतिक शिक्षक पुरस्कार मिळाला, तेव्हा आपण सर्वांनी अभिमान बाळगला. लहान गावच्या शाळेत काय होऊ शकते हे त्यावरून दिसले. पण असे काम एका वर्षात उभे राहत नाही. गुरुजींना परतीची वाट खात्रीची हवी आणि मुलांना गुरुजींची सोबत पुरेशी हवी. या दोन्हींचा मेळ घालणारा नियम तोच न्याय्य.