रूममेटचा फोन आणि गुगलीचा राजा

आपल्या होस्टेलमध्ये रात्री जेवणानंतर सचिन की लारा, वॉर्न की कुंबळे यावर जी भांडणं होतात, त्यात एक नाव मात्र कधीच निघत नाही. ते नाव म्हणजे सुभाष गुप्ते! मी एटापल्लीचा. आमच्याकडे क्रिकेट म्हणजे टेनिस बॉल आणि सागाच्या फळीची बॅट. त्यामुळे स्पिन काय चीज आहे, हे मला गुप्त्यांबद्दल वाचल्यावरच कळलं.

सुभाष गुप्ते यांचा जन्म 11 डिसेंबर 1929 चा, मुंबईतला. ते लेग-स्पिनर. लेग-ब्रेकमध्ये मनगट आणि बोटांच्या झटक्याने बॉल उजव्या बॅट्समनपासून बाहेर, स्लिपकडे वळतो. गुगलीत अ‍ॅक्शन तीच, पण बॉल सुटताना मनगट जास्त फिरतं, हाताची मागची बाजू बॅट्समनकडे होते आणि बॉल उलटा आत येतो. गुप्त्यांकडे अशा दोन प्रकारच्या गुगली होत्या! शिवाय बॉलला टॉपस्पिन दिला की आपल्या फ्लुइड मेकॅनिक्समधला मॅग्नस इफेक्ट कामाला लागतो. बॉल हवेतच अपेक्षेपेक्षा लवकर खाली येतो आणि पुढे सरसावलेला बॅट्समन फसतो.

आता आकडे बघा. 1952-53 च्या वेस्ट इंडीज दौऱ्यात 27 विकेट. 1954-55 च्या मोसमात मुंबईकडून खेळताना पाकिस्तान सर्व्हिसेस आणि बहावलपूरच्या संयुक्त संघाविरुद्ध एकाच डावात 78 धावांत सगळ्या 10 विकेट! 1955-56 ला न्यूझीलंडविरुद्ध 5 टेस्टमध्ये 34. आणि 1958 साली कानपूरला बलाढ्य वेस्ट इंडीजच्या 9 विकेट 102 धावांत. दहावी तेवढी वसंत रांजणेंना मिळाली. तरीही ती मॅच आपण हरलोच. सर गॅरी सोबर्स तर गुप्त्यांना शेन वॉर्नपेक्षाही सरस मानत.

त्या काळी भारतात क्रिकेटवर पोट भरणं कठीण होतं. म्हणून गुप्ते इंग्लंडला लँकेशायर लीगमध्ये रिश्टन क्लबकडून व्यावसायिक खेळाडू म्हणून खेळले. तिथे क्लब पगारी खेळाडू ठेवत आणि शनिवारच्या मॅचला सगळं गाव लोटत असे.

मग आला डिसेंबर 1961. इंग्लंडविरुद्ध दिल्ली टेस्ट. मुक्काम इम्पीरियल हॉटेलमध्ये, रूममेट ए. जी. कृपालसिंग. कृपालसिंगांनी रूममधून रिसेप्शनवरच्या मुलीला फोन करून ड्रिंकसाठी विचारलं. तिने तक्रार केली. फोन गुप्त्यांनी केलेला नव्हता, पण रूम दोघांची! बोर्डाने दोघांनाही संघाबाहेर काढलं. तुम्ही त्याला थांबवलं का नाही, असा सवाल गुप्त्यांना झाला. एवढ्या धिप्पाड माणसाला मी कसा थांबवणार, असं त्यांचं उत्तर होतं. पुढच्या वेस्ट इंडीज दौऱ्यावर त्यांना नेलं नाही. कृपालसिंग नंतर पुन्हा भारताकडून खेळले, गुप्ते मात्र कधीच नाही. वय फक्त 32. टेस्ट 36, विकेट 149. दीडशेला एकच कमी!

गुप्त्यांची पत्नी त्रिनिदादची. ते तिकडेच स्थायिक झाले, साखर उद्योगात नोकरी केली. बोर्डाने सी. के. नायडू पुरस्कार दिला तो थेट 2000 साली. 31 मे 2002 रोजी पोर्ट ऑफ स्पेनला ते गेले.

हे सगळं सांगायचं कारण काय? कारण होस्टेलमध्येही असंच होतं हो. हीटर एकाचा, दंड अख्ख्या रूमला. गोंधळ एकाचा, पत्र चौघांच्या घरी. एटापल्लीसारख्या गावातल्या बापाच्या हाती असं पत्र पडलं, तर तो पोराला परत बोलावून घ्यायलाही कमी करत नाही. रेक्टर सरांना नम्र विनंती एवढीच की शिक्षा जरूर करा, पण आधी फोन कोणी केला ते विचारा. आणि रूममेट लोकहो, चूक आपली असेल तर पुढे होऊन सांगा. आपल्या गप्प बसण्याने दुसऱ्याची एकशे पन्नासावी विकेट राहून जाऊ नये.